पुठ्ठ्याखालची नावं

नव्या बाई शाळेत येऊन जेमतेम महिना झाला होता. पण सध्या भरती बंद, सरकारी पगार हवा तर नेमणूक चार वर्षांपूर्वीची दाखवावी लागेल, हे संस्थेच्या सेक्रेटरींनी गोड बोलून त्यांच्या गळी उतरवलं. मग काय, कारकून भाऊंनी शिक्षकांची जुनी हजेरीपत्रकं काढली, प्रत्येक पानाच्या तळाशी बाईंचं नाव घुसवलं आणि वरच्या नावांवर पुठ्ठा धरला.

"ओळ चुकायला नको," भाऊ म्हणाले. "आणि पेन बदलत राहा हं, बाई. एका बैठकीत उरकल्यासारखं दिसायला नको."

बाईंनी बोटं दुखेपर्यंत सह्या केल्या. शिक्षण खात्याच्या ज्या मान्यतेसाठी लोकांच्या चपला झिजतात, ती यांना पंधरवड्यात मिळाली. आईला फोनवर सांगताना त्यांना रडूच कोसळलं.

सोमवारी चौकशी अधिकारी आले. "तीन वर्षांपूर्वी, सुट्टीतल्या जादा वर्गाच्या दिवशी, शाळेच्या टाकीत सातवीतली मुलगी बुडाली. त्या दिवशी मुलांवर लक्ष ठेवायला कोण होतं?"

बिचारी पोर, बाईंच्या मनात आलं. त्या वेळी तर त्या या गावातही नव्हत्या.

सेक्रेटरींनी अदबीनं हजेरीपत्रक उघडून साहेबांपुढे सरकवलं. या वेळी पुठ्ठा नव्हता.



त्या तारखेला वरच्या अकराही नावांपुढे 'रजा' लिहिलेलं होतं. सही होती ती एकच, तळाशी.