एकतिसावी चिठ्ठी

तुरुंगातून आलेल्या त्या पत्राला मास्तरांनी तीन वर्षं उत्तर दिलं नव्हतं. आता साहेब समोर बसून टेबलावरचा कागद त्यांच्याकडे सरकवत होते, आणि मास्तरांना त्या पत्रातली ओळ न् ओळ आठवत होती.

मास्तर म्हणजे शाळामास्तर नव्हेत. सदा पुस्तकात डोकं, म्हणून पडलेलं नाव. पोलिसांच्या वाटाघाटी पथकात ते दुय्यम होते. कुणी कुणाला ओलीस धरलं, की फोनवर बोलायचं ते साहेबांनी. मास्तरांनी हेडफोन लावून शेजारी बसायचं, पलीकडचा बारीकसारीक आवाज टिपायचा आणि साहेबांनी पुढे काय बोलावं ते चिठ्ठीवर लिहून द्यायचं. खोलीत आवाज एकाचाच, हा नियम. मास्तरांना तो मानवला होता. चारचौघांत तोंड उघडायची वेळ आली की ते मागे सरत. बायको म्हणायची, "जगाला वाक्यं पुरवता, आणि घरात मीठ हवं असलं तरी बोट दाखवता."

पत्र होतं एका लिफ्ट दुरुस्त करणाऱ्याचं. त्याची बायको हॉस्पिटलात दगावली. तिचे कागद मागून मागून तो थकला, आणि एका दुपारी तिथल्या रेकॉर्ड रूममध्ये दोन कारकुनांसकट आतून कडी लावून बसला. हातात स्क्रू-ड्रायव्हर. पाच तास बोलणं चाललं. आपण होऊन दार उघडलंस तर तसंच नोंदवू, असा शब्द साहेबांनी त्याला दिला. शेवटी शस्त्रधारी पथकाने दार फोडलं. 'आरोपीने अखेरपर्यंत दार उघडले नाही,' अशी नोंद झाली. त्या एका वाक्यावर त्याला दहा वर्षांची शिक्षा लागली.

"माझ्याशी दोघं बोलत होते," त्याने लिहिलं होतं. "एकाचा आवाज होता. दुसऱ्याचा नुसता कागद वाजायचा. प्रत्येक शहाण्या वाक्याआधी तो कागद सळसळायचा. मी विश्वास ठेवला तो कागदावर. दार फुटलं तेव्हा कडी मी काढलेली होती. तिचा आवाज तुम्ही ऐकला असणार. ऐकला असेल तर माझ्या वकिलांच्या पत्त्यावर तेवढं लिहा."

पाकिटावर नाव नव्हतं. 'चिठ्ठ्या लिहिणाऱ्यास', एवढंच.

सोमवारी त्याच्या अपिलाची सुनावणी होती आणि कोर्टाने चिठ्ठ्या मागवल्या होत्या. साहेबांच्या कागदावर टाइप केलं होतं : एकूण चिठ्ठ्या तीस. काम संपल्यावर नष्ट केल्या. खाली मास्तरांच्या सहीची जागा मोकळी होती.

मास्तरांनी पेन उचललं नाही.

साहेबांनी खुर्ची पुढे ओढली. आवाज मऊ केला. म्हणाले, घाई नाही, आपल्याकडे वेळ आहे. चिठ्ठी क्रमांक दोन, मास्तरांच्या मनात आलं. मग साहेब म्हणाले, तुमच्या जागी मी असतो तर मलाही असंच वाटलं असतं. ही पाचवी. यातून दोघांनाही मान राखून बाहेर पडता येईल. ही अकरावी. सगळी आपलीच वाक्यं, आज आपल्यावरच सोडलेली. मास्तरांना हसू फुटायला लागलं. बावीस वर्षांत पहिल्यांदाच त्यांना साहेबांची धास्ती वाटेना.

चिठ्ठ्या नष्ट झालेल्या नाहीत, मास्तर म्हणाले. माझ्या कपाटात आहेत, आणि त्या कोर्टात जातील.

साहेब अडखळले. पुढचं वाक्य सापडेना, तसा सवयीने त्यांचा डावा हात बाजूला गेला. बोटं उघडली आणि तशीच वाट पाहत राहिली. बाजूला कुणी नव्हतं.

"हात मागे घ्या, साहेब," मास्तर म्हणाले. "यापुढचं तुमचं तुम्हालाच बोलायचंय."

साहेबांचा चेहरा लालबुंद झाला. पण मग ते जे बोलले ते कुणी लिहून दिलेलं नव्हतं.

"कडी वाजली असती तर तुम्ही मला चिठ्ठी दिली असती की नाही? मला मिळाली नाही. म्हणून मी दार फोडायला सांगितलं. माझं काय चुकलं, ते सांगा."

 मास्तरांनी तो कागद पालथा घातला आणि ते उठले. चौकशी लागेल, निवृत्तीच्या तोंडावर घरी बसाल, हे साहेबांनी त्यांना दारापर्यंत ऐकवलं. लावा, मास्तर म्हणाले.

तीन वर्षांत त्या उत्तराचे चाळीसेक खर्डे झाले होते आणि प्रत्येक खर्डा फाडला गेला होता. कुठे भाषा जड, कुठे सबबी फार. त्या दिवशी घरी जाऊन त्यांनी दोन ओळी लिहिल्या आणि पुन्हा वाचून पाहिल्या नाहीत.

पोस्टात पोचले तेव्हा रजिस्टरच्या खिडकीवरची बाई शटर खाली ओढत होती. मास्तर अजून दारातच होते. त्यांनी नेहमीसारखा मुकाट्याने हात वर केला. हातातलं पाकीट तिला दिसलं नाही. शटर अर्ध्यावर आलं.

"थांबा!"

पोस्टातली सगळी माणसं वळून बघायला लागली. शटर होतं तिथे थांबलं. थांबलेय ना काका, ओरडता कशाला, असं पुटपुटत बाईने पाकीट घेतलं, शिक्का मारला आणि पावती फाडून दिली.

पाकिटात ते दोन ओळींचं उत्तर होतं. त्याला टाचलेली होती एक चिठ्ठी. त्या दुपारी फोन बाजूला ठेवून साहेब पथकाला खूण करायला वळले, तेव्हा मास्तरांनी त्यांच्या पाठीमागे ती नुसतीच उंच धरून ठेवली होती :

'कडी काढतोय. थांबा.'