ओल्मेकांचं डोकं

क्रेनचा पट्टा दगडी डोक्याखालून ओवून झाला आणि कंपनीचे साहेब विजयकुमार पितळी पाटी घेऊन आले. अबुधाबीतल्या त्या हॉटेलात संध्याकाळी मेक्सिकन रेस्टॉरंट उघडायचं होतं. दारात बसवायची होती मेक्सिकोच्या प्राचीन ओल्मेक लोकांनी घडवलेल्या डोक्याची नक्कल. माणसापेक्षा उंच, इथल्याच खोर फक्कानच्या डोंगरातला काळा दगड. घडवणारा दत्ताराम, जातिवंत पाथरवट.

"काय लिहिलंय, साहेब?" दत्तारामनं विचारलं.

"तीन हजार वर्षांचं रहस्य. माणसाच्या हातून अशक्य. आकाशातून आलेल्यांनी घडवलं." विजयकुमार हसले. "गेस्टना मिस्ट्री आवडते हो. नाहीतर त्या जंगली लोकांना कुठून जमणार हे?"

दत्तारामच्या तळपायाची आग मस्तकात गेली. नमुन्याच्या पुस्तकातलं इंग्रजी त्याला वाचता येत नव्हतं, पण फोटोतले ठोके त्यानं पहिल्याच दिवशी वाचले होते. छन्नीची एक रेघ नव्हती त्यात. लोखंडच नव्हतं त्या बापड्यांकडे. दगडानं दगड ठेचून काढलेला. खरंखोटं करायला त्यानं उजवा कान तसाच घडवला. छन्नीनं दोन दिवसांचं काम, सतरा दिवस लागले. अंगठ्याचं नख गेलं ते गेलंच.

"माणसांनीच केलंय, साहेब. आमच्यासारख्या. हा कान बघा."

"कान कोण बघतोय? आणि कुणी विचारलंच, तर पीस मेक्सिकोहून इम्पोर्ट केलाय म्हणायचं. मॅनेजमेंटचं ठरलंय."

वा रे न्याय! बोटं फोडून घ्यायची एकानं, आणि नाव सांगायचं भलत्याचंच.

"पाटी बदला, साहेब."

"दत्ताराम, तुमचा व्हिसा कंपनीचा आहे, विसरू नका. नूरुद्दीन, यल्ला, उठाओ!"

क्रेनवरच्या नूरुद्दीननं दत्तारामकडे पाहिलं. त्याच्या हाताची खूण झाल्याशिवाय तो कधीच दगड उचलत नसे. दत्तारामनं हात वर केला नाही. तो शांतपणे पुढे गेला, हुकातून पट्टा सोडवला आणि वाळूत टाकला.

"खलास, साहेब. आकाशातल्यांनी घडवलंय ना? मग उचलायलाही त्यांनाच बोलवा."