तांदळातलं नाव

मारुतीने बोटातली अंगठी काढली आणि मेव्हण्यापुढे धरली. “गोविंदा, तूच लिही रे. तुझं अक्षर चांगलंय.”

पाळण्याभोवतीच्या बायका वळून बघू लागल्या. बारशाला लेकीचं नाव ताटातल्या तांदळात बापाने अंगठीने लिहायचं, ही रीत. पण बापाचे हात डोंबिवलीच्या रंगाच्या कारखान्यातले. सहा वर्षांत तळव्यांत गुलाबी रंग असा मुरला होता की साबण हरला, लिंबू हरलं. घाम आला की उशीसुद्धा गुलाबी व्हायची. म्हणून मारुती चारचौघांत हात खिशातच ठेवी. आज तर त्याला दरदरून घाम फुटला होता.

“देह म्हणजे मी नव्हे,” तो पुटपुटला. हे वाक्य विमलाबाईंचं. निवृत्त शिक्षिका, दर रविवारी त्या घरी तत्त्वज्ञानाचा वर्ग घेत. मारुती चार वर्षं जात होता आणि खिसा नसेल तिथे या वाक्यात हात लपवत होता.

बाई बारशाला आल्या होत्या, शेजारीच बसल्या होत्या. कान भलते तिखट.

“मारुती, देह म्हणजे तू नव्हेस, हे मी शिकवलं. देह तुझा नव्हे, असं कधी म्हटलं होतं?”

मारुतीने पाळण्यात पाहिलं. बारा दिवसांची पोर स्वतःची मूठ चोखत होती, त्या मुठीवर बेहद्द खूश होती. हे तिला कोणी शिकवलं? तो थक्क होऊन बघतच राहिला.

मग अंगठी परत घेऊन तो ताटापुढे बसला. घामाने ओल्या बोटाखाली पांढरे तांदूळ गुलाबी होत गेले. केतकी.

बायका माना उंचावून ताटात बघू लागल्या. तेवढ्यात त्याच्या सासूबाई गोदूबाई ताटावर वाकल्या. त्यांचे डोळे विस्फारले.

“अगं बाई! कुंकवावाचून अक्षता!”

त्यांनी चिमूटभर दाणे उचलून पाळण्यावर टाकले. बघता बघता सगळ्यांचे हात पुढे आले. मलाही द्या, मलाही द्या.

“इतक्यांना कशा पुरतील?” मारुतीची बायको नीला कुजबुजली. “कुंकू आणू?”

“कशाला?” मारुती म्हणाला, आणि त्याने दोन्ही तळवे पांढऱ्या तांदळात घातले.