गुरुवारचा नाश्ता

लाईट गेली तेव्हा ओव्हनमधला पाव अजून दुधात पोहत होता.

शालनबाईंनी काचेतून आत वाकून पाहिलं. कडेनं जरासा तांबूस रंग धरला होता, मध्ये मात्र सगळं डुचमळत होतं. गुरुवारी या भागात कारखान्यांना सुट्टी आणि वीजवाल्यांची दुरुस्ती, हे चिंचवडात कुणाला सांगावं लागत नाही. पण लाईट एरवी दहानंतर जायची. आज नऊलाच गेली.

"मेसेज आला होता काल," अर्जुनराव पेपरातून डोकं वर न काढता म्हणाले.

शालनबाईंनी नवऱ्याकडे नुसतं पाहिलं. गुरुवारी त्या आवाज चढवत नसत. उपासासारखाच तोही त्यांचा नेम होता. ओठातल्या ओठात दत्ताचं नाव घेऊन त्यांनी राग गिळला, पण तो काही नीट खाली उतरेना.

भाचीनं, स्वप्नालीनं हा पदार्थ शिकवला होता. पावाचे तुकडे रात्रभर गोड दुधात भिजवायचे, सकाळी वर लोणी घालून भाजायचे. तिच्या कृतीत अंडी होती. गुरुवारी घरात अंडं येत नाही, म्हणून शालनबाईंनी कस्टर्ड पावडर घातली. वेलची, जायफळ सगळं अंदाजानं. उपासामुळे चव बघायचीही सोय नव्हती.

अर्जुनरावांनी विचारलंच, की एवढा घाट घालण्यापेक्षा साधं उपीट का नाही केलंस. शालनबाईंना वाटलं, यांना काय सांगायचं. उपीट बशीत घेता येतं. बशी घेऊन थोरला सुजित गॅलरीत जातो आणि धाकटा दिग्विजय आतल्या खोलीत. पोहे केले तरी तेच, थालीपीठ केलं तरी तेच. हा पदार्थ मात्र भांड्यातून गरम गरम कापून वाढायचा. त्यासाठी टेबलाशी बसावं लागतं. दोघांनी एकदा समोरासमोर बसावं, एवढंच त्यांना हवं होतं.

दिवाळीपासून दोघे भाऊ एकमेकांशी बोलत नव्हते. सुजितनं चाकणला तो कामाला होता त्या कंपनीत शब्द टाकून धाकट्याला लावलं आणि दिग्विजय एक दिवस न सांगता काम सोडून आला. सुपरवायझरनं सुजितला चारचौघांत सुनावलं. घरी येऊन सुजित म्हणाला, याच्यासाठी मी पुन्हा तोंड उघडणार नाही. आणि खरंच उघडलं नाही. एकाच घरात राहून दोघांचे निरोप आईच्या तोंडून जायचे. सुट्टीचा गुरुवार तर दिवसभर निरोपांतच जायचा.

"गॅसवर ठेव की," अर्जुनराव म्हणाले.

"काचेचं भांडं आहे हो. तडकेल."

मग त्यांना गावठाणातली बेकरी आठवली. दिवाळीत पीठ-तूप नेऊन त्या तिथूनच नानकटाई भाजून आणायच्या. तिथली भट्टी लाकडावर चालते, तिला लाईट लागत नाही. पण गरम भांडं, काठोकाठ दूध. एकट्याला गाडीवर नेणं शक्य नव्हतं. एकानं गाडी चालवायची, दुसऱ्यानं मागे भांडं धरून बसायचं. अर्जुनरावांचे गुडघे दुखत होते. त्यांनी पेपराचं पान उलटलं.

शालनबाईंनी दोघांना हाक मारली. काय करायचं ते सांगितलं. दोघे एकमेकांपासून हातभर अंतरावर उभे होते.

"आई, त्याला म्हणावं गाडी हळू चालव," सुजित म्हणाला.

"आई, त्याला म्हणावं मागे नुसतं गप बस," दिग्विजय म्हणाला.

शालनबाईंनी भांडं जुन्या टॉवेलात गुंडाळून सुजितच्या हातात दिलं, भाजणाऱ्याला द्यायला पैसे दिले, आणि जिन्यावरून पावलं उतरेपर्यंत दारात उभ्या राहिल्या.

टेबलावर तीन ताटल्या मांडल्या. सुरी ठेवली. मध वाटीत काढला. वाट पाहिली.

बेकरी काही लांब नव्हती. फोन लावला तर सुजितचा फोन घरातच, सोफ्यावर वाजला. दिग्विजयचा लागेना. अर्जुनरावांनी भूक लागल्याचं एकदा सांगितलं, मग पुन्हा सांगितलं, मग काही न सांगता स्वयंपाकघरात येऊन डबे उघडून बघायला लागले. शेवटी शालनबाईंनी रवा भाजायला घेतला. ज्यासाठी रात्रीपासून धडपडल्या, त्याच्या जागी उपीटच. कढईत उलथनं जरा जास्तच आपटलं गेलं. रस्त्यात भांडले असतील. दूध सांडलं असेल. एखादा मधूनच उतरून चालू लागला असेल. आपणच त्यांना एका गाडीवर बसवलं, असं मनात आलं आणि नामस्मरण पार विसरलं.

उपीट खाऊन अर्जुनराव हात धुत होते तेव्हा दार वाजलं.

पुढे दिग्विजय होता, मागे सुजित. दोघांच्याही शर्टावर दुधाचे डाग. शालनबाई काही विचारणार तोच सुजित मान खाली घालून म्हणाला, "आई, भट्टीवाल्यानं बाहेर काढलं आणि काय वास सुटला. म्हटलं जरा चव बघू."

"आमच्या वाटणीचं कुठाय?" अर्जुनरावांनी विचारलं.

सुजितनं टॉवेलात गुंडाळलेलं भांडं आईपुढे केलं. रात्रीपासूनची मेहनत, सकाळपासूनचा राग, सगळं शालनबाईंच्या जिभेच्या टोकाशी आलं. एवढ्यासाठी नेम मोडला तरी चालेल, असं त्यांनी ठरवलंही. टॉवेल सोडवून त्यांनी भांडं हातात घेतलं.

भांडं तळापर्यंत खरवडून रिकामं केलं होतं, आणि आत चमचा एकच होता.