निळी काच

पहिल्या पायरीवर चप्पल काढून अजरा थांबली. शुक्रवारची अजान नुकतीच झाली होती. मशिदीच्या मागच्या बाजूला, जिथे आजवर ताडपत्र्या आणि मोडकी कपाटं ठेवलेली असत, तिथलं दार आज बायकांच्या नमाजासाठी उघडलं होतं.

अर्ज तिच्या नातीने, इकराने लिहिला होता. ती रत्नागिरीत वकिलीचं शिकते. गावातल्या अकरा जणींनी त्यावर सह्या केल्या. मशिदीचा कारभार बघणाऱ्या जमातीने दोन बैठका घेतल्या आणि कळवलं, एक जुम्मा उघडून बघू, कुणी फिरकलं नाही तर दार पुन्हा बंद. अकरांपैकी आता पायरीशी दोघीच होत्या, आजी आणि नात. कुणाचा मुलगा रागावला होता, कुणाची सासू. अजराच्याही मुलाने, सुलेमानने, सकाळी कुवेतहून फोन करून समजावलं होतं की घरची नमाजही तितकीच कबूल होते, या वयात लोकांच्या तोंडी कशाला लागायचं. अजरा हो हो म्हणाली होती आणि फोन ठेवून तिने ठेवणीतला दुपट्टा काढला होता.

खरं म्हणजे तिला आतलं बघायचं होतं. लग्न होऊन ती या गावात आली त्याला बावन्न वर्षं झाली. मशीद घरापासून हाकेवर. तीस वर्षांपूर्वी ती नव्याने बांधली तेव्हा अजराने हातातल्या दोन बांगड्या काढून दिल्या होत्या. नवरा दिवसातून पाच वेळा आत जाऊन यायचा. आत कसं आहे विचारलं तर म्हणायचा, ‘मशिदीसारखं.’

सांगायची ती जनी. जनी वरच्या वाडीतली, बांधकामावर बिगारी. पायाच्या चिऱ्यापासून स्लॅबपर्यंत तिने डोक्यावरून ओझी वाहिली. दुपारी अजराच्या पडवीत भाकरीचं फडकं सोडून बसली, की अजरा विचारायची आणि जनी रंगवून सांगायची. समोरच्या भिंतीत उंचावर गोल खिडकी, तिला निळी काच. ऊन कललं की सगळी फरशी निळी होते, खाडीत पाय सोडून उभं राहिल्यासारखं वाटतं. तीस वर्षं घरी नमाजासाठी मुसल्ला अंथरून डोळे मिटले की अजराला ती निळी फरशी दिसायची. ती जनीला चिडवायची, मुसलमान मी, आणि मशीद बघितलीस तू.

आज जनीही आली होती. समोरच्या बुटक्या दगडी गडग्यावर गुडघे धरून बसली होती.

“जा गो बाय,” ती म्हणाली. “आता थांबलीस कशाला?”

इकराचा हात धरून अजरा आत गेली.

पांढऱ्या भिंती. हिरवा गालिचा. पंख्यांच्या दोन रांगा, एक मोठं घड्याळ. मधल्या कमरेएवढ्या जाळीपलीकडे पुरुषांच्या पाठी. समोरची भिंत उंचावर अगदी कोरी होती. अजराने मान वळवून चारी भिंती पाहिल्या. खुर्चीवर बसून तिने नमाज पढली, सलाम फेरला आणि मागे बघितलं. मागे आणखी पाच जणी येऊन उभ्या राहिल्या होत्या. म्हणजे दार आता बंद होत नव्हतं. इकराचे डोळे भरून आले. अजराचं लक्ष मात्र अजून भिंतीकडेच होतं.

बाहेर येऊन ती तडक गडग्याकडे गेली.

“जनी, निळी काच कुठे गेली?”

जनीने पदराने तोंड पुसलं.

“बायांनी घमेलं दारापातूर न्यायचं, आत गडी घ्यायचे,” ती म्हणाली. “उंबऱ्याच्या आत मलाबी कुणी सोडलं नाय. तू एवढ्या आशेनं इचारायचीस, मग काय सांगू?”

रागवावं की हसावं, अजराला कळेना.

जनी सरकली. तिने गडग्यावर अजरासाठी जागा केली.

“आता तू सांग,” ती हळूच म्हणाली. “आत कसं हाय गो?”

अजरा बसली नाही. तिने जनीचा हात धरून तिला उठवलं, पायरीपर्यंत आणलं आणि म्हणाली, “चप्पल काढ.”