सहा पावलं पुढे

घंटा वाजली आणि व्हरांड्यातली दारं पटापट लागली. गवंड्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. आज बारावा दिवस, शेवटचा. ख्रिस्ती सिस्टरांच्या मठातल्या प्रार्थनाघराच्या जुन्या घुमटाची गळती थांबली होती. आता किरकोळ डागडुजी तेवढी उरली होती.

नियमच तसा होता. बाहेरचा पुरुष आत आला, की तोंडावर काळा पडदा ओढलेली एक सिस्टर घंटा वाजवत त्याच्या सहा पावलं पुढे चालायची; त्याच्याशी बोलायची तिला मनाई. घंटा ऐकली की बाकीच्या सिस्टर आपापल्या खोलीत शिरायच्या. वा रे नियम! चुना कालवणारा माणूस म्हणजे काय पटकीची साथ?

याच भिंतींआड त्याची धाकटी बहीण सिस्टर होऊन राहत होती. बावीस वर्षांत एकदाच भेट झाली, तीही जाळीवरच्या पडद्याआडून. नुसता आवाज ऐकून तो परतला होता. हे काम घेतलं तेच तिचं तोंड बघायला मिळेल म्हणून. बायकोला तसं छातीठोकपणे सांगून आला होता. आणि इथे तिची सावलीसुद्धा दिसेना.

त्यात ही घंटावाली! घुमटाचा जिना फाटकासमोरच, वीस पावलांवर. पण बाई रोज त्याला कमानींखालून चौकाच्या चारी बाजू फिरवून नेणार. नुसता द्राविडी प्राणायाम! चाल अशी, की गोगलगाय परवडली. डोक्यावर चुन्याचं घमेलं घेऊन मागे रखडताना त्याने मनातल्या मनात तिच्या सात पिढ्यांचा उद्धार केला होता.

आज मात्र त्याला राहवलं नाही.

"अहो बाई, तुम्हाला भाऊबिऊ आहे की नाही? माझी बहीण आहे इथे. एकदा, लांबून तरी दाखवा!"

घंटा थांबली. मग घंटा पुन्हा वाजू लागली आणि चाल आणखीच मंदावली. दगडाला पाझर फुटेल, पण हिला नाही, असं पुटपुटत तो मागोमाग गेला.

संध्याकाळी थापी-ओळंबा पिशवीत भरून तो फाटकाशी आला. दारावरच्या म्हाताऱ्या सिस्टरशी तो तोडूनच बोलला. "माझ्या बहिणीला सांगा, दादा बारा दिवस इथे राबला. तिला एकदा डोकावून बघावंसंही वाटलं नाही."

फाटकाची कडी काढता काढता म्हातारी त्याच्याकडे वळली.

"घंटेची पाळी आमच्यात रोज बदलते," ती म्हणाली. "हे बारा दिवस तुमच्या बहिणीनं ती दुसऱ्या कुणाला दिली नाही."