हरताळ

नानांनी बोट जिभेला लावून ‘कालावर्त’ पोथीचं पान उलटलं. जुन्या नकलकाराने चुका झाकायला पिवळा हरताळ फासला होता. “नाना, हरताळात विष असतं. थुंकी लावू नका,” माहेरी आलेली, रसायनशास्त्र शिकवणारी मयुरी शिसारी आवरत म्हणाली. “पोथीमा बठ्ठं लिखेल शे, पोरी! काळ गोल फिरस. गयेल बाप पुत्र व्हईसन परत येस.” कोपऱ्यात मेघावहिनी पोटावर हात ठेवून बसली होती. चोरून केलेल्या तपासणीत मुलगी निघाली. नानांच्या हुकमाने उद्या गर्भ पाडायचा होता. नानांचं ओलं बोट त्याच ओळीवरून फिरलं. हरताळासह वरचा ‘पुत्र’ निघाला आणि खालचा शब्द उघडा पडला: ‘कन्या’. नानांनीही तो वाचला. “वहिनी, बॅग भरा. माझ्यासोबत जळगावला चला.” मयुरी उठली. नानांनी घाईने पिवळं बोट जिभेला लावून पान उलटलं. यावेळी तिने टोकलं नाही.